माध्यम मराठी

आमच्या मुलीचं, रक्षिताचं, नाव नोकरीच्या यादीत लागलं त्या दिवशी आम्ही तिघं शेपूच्या वाफ्यात होतो. शेपू उपटायचा तो दव सुकल्यावर, नाहीतर जुडी टोपलीत काळी पडते. दहा वाजले असतील. रक्षिताचा फोन ओढणीच्या गाठीत होता. तो वाजला. तिनं मातीचा हात कुर्त्याला पुसून फोन बघितला, परत गाठीत बांधला, हातातली जुडी पुरी केली आणि मग म्हणाली, "अप्पा, नाव आलंय."

सकवारनं, माझ्या बायकोनं, विचारलं, कितवं? अकरा जागांत सहावं. सकवार उठली, पाटाच्या पाण्यात हात धुतले, तोंड धुतलं आणि परत वाफ्यात येऊन बसली. "ऱ्हायल्याला वाफा कोण उपटणार? बसा," म्हणाली. पण तिनं त्या दिवशी बांधलेल्या जुड्या नेहमीपेक्षा जाड झाल्या. दुसऱ्या दिवशी बाजारात भाजीवाल्या बायका विचारायला लागल्या की खंडोजीअण्णा, आज घरात काही विशेष आहे का.

आमची वस्ती कानडी मुलखात, शहराच्या टोकाला, येलहंक्याच्या पलीकडं तळ्याच्या खालच्या अंगाला आहे. माझ्या आजोबांच्या आजोबांपासून आम्ही इथंच. मूळ गाव कुठलं ते आता कोणालाच सांगता येत नाही. आम्ही सोप्पू पिकवतो. सोप्पू म्हणजे पालेभाजी; पालक, शेपू, मेथी, राजगिरा. देवाप्पाची दीड एकर जमीन वाट्यानं करतो. डोक्यावरून हवाई दलाची विमानं जातात. बांधाच्या पलीकडं पूर्वी नाचणी असायची, आता चौदा मजले आहेत. चौदाव्या मजल्यावरची माणसं आमचे वाफे बघायला गॅलरीत उभी राहतात.

सकवार निपाणीकडच्या खेड्यातली. एकोणीस वर्षांची असताना लग्न होऊन आली. मराठी शाळेत सातवी पास. कानडीचं एक अक्षर येत नव्हतं. आमच्या घरात मराठीच बोलतात, पण ती तिला मराठी वाटायची नाही. तुमच्या बोलण्यात निम्मं कानडी हाय, म्हणायची आणि पदर तोंडाला लावून हसायची. आम्ही जुडीला कट्टु म्हणायचो. तीस वर्षांत ती कट्टु म्हणायला शिकली नाही, शेवटी आम्हीच जुडी म्हणायला लागलो.

मी पाचवीपर्यंत शिकलो, तेही कानडीतून. मराठी बोलता यायची, वाचता यायची नाही. लग्नाच्या वर्षी पावसानं वाफ्यात पाय घालता येत नव्हता, तेव्हा तिनं जुन्या कॅलेंडरच्या पाठीवर मला अक्षरं घालून दिली. मी काढलेला 'श' बघून विचारायची, ह्यो बेडूक कुठनं आणला? आता मी हे लिहितोय ते तिनं शिकवलेल्या अक्षरांतच. बेडूक अजून तसाच आहे.

तर यादी लागली. जागा कारकुनाची होती. आमच्या राज्यात सरकारी भरतीत काही जागा पहिली ते दहावी कानडी माध्यमातून शिकलेल्यांसाठी ठेवलेल्या असतात. रक्षिता त्या जागांत बसली होती. पाच आठवड्यांनी कागद तपासायला बोलावलं. ती दाखल्यांची पिशवी घेऊन गेली आणि संध्याकाळी हसत परत आली. महिन्याभरानं पत्र आलं. पत्रात लिहिलं होतं की शाळेच्या प्रवेशाच्या उताऱ्यात पहिलीच्या वर्षी माध्यम या रकान्यात 'मराठी' अशी नोंद आहे. सबब पडताळणी पूर्ण होईपर्यंत नेमणूक राखून ठेवली आहे.

रक्षितानं ते कानडी पत्र आम्हाला वाचून दाखवलं. सकवार चुलीपुढं भाकरी थापत होती. तिचा हात तसाच पिठात थांबला.

"म्याच सांगितलं हुतं ते," ती म्हणाली.

मलाही ते आठवत होतं. अठ्ठ्याण्णवच्या जूनमधली गोष्ट. शाळा उघडायच्या दिवशी मी मेथीचा भार घेऊन बाजारात अडकलो होतो, म्हणून पोरीचं नाव घालायला सकवार गेली. जरीकाठाचं पातळ नेसून गेली होती. मी दुपारी आलो तर अंगणात बसून पोरीच्या वेण्या सोडत होती आणि मोठ्या खुशीत होती. मास्तरांनी तिला पुष्कळ विचारलं होतं. तिला कळलं तेवढ्याची तिनं उत्तरं दिली होती. बापाचं नाव विचारलं, सांगितलं. जात विचारली, सांगितली. मग मास्तर म्हणाले, भाषे यावदु? भाषा कुठली? हिनं सांगितलं, मराठी. मास्तरांनी लिहून घेतलं. एवढंच. ते कोणत्या रकान्यात लिहिलं ते तिला कसं कळणार? मास्तरांना तरी कुठं कळलं? त्या शाळेत मराठी शिकवणारा मास्तर कधी नव्हताच. रक्षिता पहिलीपासून दहावीपर्यंत कानडी धडे ओरडून पाठ करायची आणि सकवार भाकरी थापता थापता ते ऐकायची. तिला आलेलं सगळं कानडी पोरीच्या धड्यांतलं. म्हणून ती बाजारात भांडतानाही पुस्तकातल्यासारखं बोलायची आणि बायका हसायच्या.

चूक सरळ आहे, सरळ निस्तरेल असं मला वाटलं होतं. शाळेनं पत्र दिलं की आमच्याकडं मराठी माध्यम कधीच नव्हतं. खात्यानं ते ठेवून घेतलं आणि सांगितलं, पत्र आजचं आहे, नोंद तेव्हाची आहे, आम्ही नोंद बघतो. शाळेला नोंद बदलायचा अधिकार नव्हता. ज्यांना अधिकार होता ते म्हणाले, खात्यानं मागितलं तर बघू. खातं म्हणालं, आम्ही कशाला मागू. खालच्या मजल्यावर विचारलं तर फाईल वर गेलेली असायची, वर विचारलं तर ती कालच खाली पाठवलेली. यादीतले बाकीचे दहा जण कामावर गेले. रक्षिताच्या मागं, नवव्या नंबरावर असलेल्या मुलीनं पहिल्या पगाराचे पेढे आणून दिले. चांगली मुलगी होती. सकवारनं तिला जेवायला बसवलं.

खातेवाले नाही म्हणत नव्हते. नाही म्हणाले असते तर कोर्टात जाता आलं असतं. राखून ठेवलंय, एवढंच म्हणत होते. दीड वर्ष तसंच गेलं. रक्षिता सकाळी माझ्याबरोबर वाफ्यात यायची. बी.ए. झालेली पोर, गुडघे मोडून पालक कापायची. नखांत शिरलेली माती रविवारी जुन्या ब्रशनं काढायची आणि सोमवारी परत भरायची. वस्तीत कोणी विचारलं, काय गं, ऑर्डर कधी, की म्हणायची, स्वल्प दिवस. थोडे दिवस. पुढं पुढं माणसंच तिला स्वल्पअक्का म्हणायला लागली. ती हसायची. सकवारला ते लागायचं.

मधे सकवार एकटीच, आम्हाला न सांगता, त्या खात्याच्या ऑफिसात जाऊन आली. तिला तिथं दुपारी तीनपर्यंत जिन्यात बसवलं. मग एका माणसानं ऐकून घेतलं. त्याला तिचं पुस्तकी कानडी कळलं नाही की कळूनही करण्यासारखं काही नव्हतं, कोण जाणे. परत आल्यावर तिनं पाय धुतले आणि मला म्हणाली, "म्या खोटं बोलाय पायजे हुतं. कानडी म्हणाय पायजे हुतं."

मी म्हणालो, त्यांनी विचारलं ते तू सांगितलंस.

"तेच की."

त्याच्यानंतरच्या पावसाळ्यात तिच्या पोटात पाणी झालं. दोन महिने. ते काही सांगत नाही. अंथरुणावरून एकच विचारायची, टपाल आलं का. ती गेली त्या दिवशी पालक काढायला आला होता. देवाप्पानं आपली माणसं लावून काढला आणि बाजारात नेऊन घातला, मला विचारलंही नाही. त्याचे उपकार आहेत. दिवस होईपर्यंत रक्षिता आणि मी घरात बसून राहिलो. हात रिकामे ठेवायची सवय आम्हाला नव्हती. चौदाव्या दिवशी वाफ्यात गेलो तर सकवारच्या बसायच्या जागेवर गवत उगवलेलं. रक्षितानं ते उपटलं नाही, मीही नाही. पुढच्या पेरणीला ते आपोआप मातीखाली गेलं.

मग रक्षितानंच वकील शोधला. सरकारी नोकरीचे खटले चालतात ते न्यायाधिकरण वेगळं असतं. आम्ही त्याला कोर्टच म्हणायचो. वकीलबाईंचं नाव वसुमती. पन्नाशीच्या, चष्म्याला दोरी, बोलणं कानडी आणि भराभर. त्यांनी कागद वाचले आणि म्हणाल्या, नाही म्हणत नाहीत ना, मग तेवढ्यावरच धरू. इतकी वर्षं राखून ठेवणं म्हणजे नाही म्हणणंच. अर्ज दाखल झाला. तारखा पडायला लागल्या. खात्याचं उत्तर यायलाच आठ महिने गेले. उत्तरात परत तेच, नोंद तेव्हाची आहे.

मग एक दिवस वसुमतीबाईंनी मला बोलावलं. माझं प्रतिज्ञापत्र हवं होतं. नाव घालायला कोण गेलं, काय घडलं, हे बापानं शपथेवर सांगायचं. कागद टाईप करून तयार होता. खाली सही केली की झालं. मी सकाळी राजगिरा कापून तसाच गेलो होतो. हाताला लाल रंग होता, म्हणून कागद न धरता टेबलावर ठेवूनच वाचला. कानडी मला वाचता येतं. तिसऱ्या परिच्छेदात होतं, माझी दिवंगत पत्नी अनक्षरस्थे असल्यामुळे तिला प्रश्न समजला नाही.

अनक्षरस्थे म्हणजे निरक्षर बाई.

मी म्हणालो, हे काढा.

वसुमतीबाईंनी चष्मा डोळ्यावर चढवला. "ह्यात चुकीचं काय आहे?"

"ती शिकलेली होती. सातवी."

"कानडी वाचता येत होतं?"

"नाही."

"मग इथल्या कागदापुरतं तेच झालं, खंडोजीराव. निरक्षर आई, चुकून बोलली. कोर्टाला एका ओळीत पटतं. शिकलेली म्हटलं की विचारतील, मग मराठी का सांगितलं? दार आपणच उघडून द्यायचं का?"

मी सही केली नाही. पेन टेबलावर ठेवलं. त्या चिडल्या नाहीत, नुसत्या रक्षिताकडं बघत राहिल्या. तुमचं घरात ठरवून या, म्हणाल्या. तारीख बारा दिवसांवर होती.

बसमध्ये रक्षिता पुढं बायकांत बसली. उतरल्यावर वस्तीच्या रस्त्यानं माझ्या दहा पावलं पुढं चालली. घराजवळ आल्यावर थांबली.

"अप्पा, आई आता नाही. तिला काय फरक पडतो?"

"मला पडतो."

"आणि मला? चार वर्षं वाफ्यात बसलेय मी. एका शब्दासाठी अजून चार बसू?"

ती बरोबर बोलत होती. मला एवढंच कळत होतं, की ज्या बाईनं मला लिहायला शिकवलं तिला मी माझ्या सहीनं अडाणी ठरवू शकत नाही. हे पोरीला कसं सांगायचं ते कळलं नाही. मी बादली घेतली आणि मेथीला पाणी शिंपडायला गेलो.

तीन दिवस आम्ही कामापुरतं बोललो. ती जुड्या बांधायची, मी टोपल्या भरायचो. चौथ्या दिवशी माझा चुलतभाऊ येसाजी आला. त्याचं शहरातल्या चिकपेटेत अस्तर-बटणांचं दुकान आहे आणि सगळ्या भाऊबंदांना शहाणपण द्यायचं काम तो फुकट करतो. त्याला रक्षितानंच फोन केला असणार. बांधावर रुमाल टाकून बसला आणि म्हणाला, "काय रे खंड्या, मेलेल्या बायकोला पदवी द्यायला निघालास म्हणे?"

मी मेथी खुडत राहिलो.

"सही कर. मी तर माझ्या बापाला दोनदा आंधळा लिहिलाय, रेशनसाठी. त्याला वाचता येत होतं, दिसतही होतं. काही झालं का?"

रक्षिता हसली. मलाही हसू आलं. पण मी सही करणार नाही म्हणालो. येसाजी चहा पिऊन, दोन जुड्या पालक घेऊन निघून गेला. जाताना पोरीला म्हणाला, तुझा बाप गाढव आहे, पण सकवारवहिनीनं शिकवलेलं गाढव आहे.

त्या संध्याकाळी रक्षिता माझ्याजवळ येऊन बसली. विचारलं, आईनं तुम्हाला खरंच शिकवलं? तिला हे माहीत नव्हतं. पोरीचं कानडी पक्कं होईपर्यंत सकवारनं तिच्यापुढं मराठी पुस्तक उघडलं नव्हतं, आणि तोवर मला वाचता येतं हे घरात जुनं झालं होतं. मी तिला कॅलेंडरचं सांगितलं, बेडकाचं सांगितलं. ती ऐकत राहिली. मग म्हणाली, "सरी, बरं. पण नुसतं आपण म्हणून कोण ऐकणार? तिच्या हातचं काहीतरी पाहिजे."

आम्ही घर शोधलं. काही मिळालं नाही. पेरणीच्या तारखा ती कॅलेंडरवर लिहायची, पण वर्ष संपलं की कॅलेंडर चुलीत घालायची. बँकेत खातं माझं, वीज देवाप्पाच्या नावावर. तीस वर्षं राहिलेल्या बाईचं लिहिलेलं एक अक्षर घरात नव्हतं.

मग रक्षिताला मास्तर आठवले. रघुनंदन मास्तर, तिचे पहिलीचे हेडमास्तर. जुन्या येलहंक्यात मुलाकडं राहतात. एका कानानं ऐकू येत नाही. आम्ही पालकाच्या चार जुड्या घेऊन गेलो. त्यांना ना सकवार आठवत होती ना रक्षिता. आपल्या हातून चूक झाली म्हटल्यावर म्हातारा घाबरला. पेन्शनला काही होईल का, विचारायला लागला. रक्षितानं त्यांचा हात धरून सांगितलं की काही होणार नाही. मग जरा बसल्यावर ते म्हणाले, पोराला आणणाऱ्याची सही घेतल्याशिवाय मी कधी नाव घातलं नाही. येत असेल तर सही, नसेल तर अंगठा, मूळ रजिस्टरात, उताऱ्यात ते येत नाही.

शाळेतून सगळीकडं गेला होता तो उतारा. मूळ रजिस्टर कोणी उघडलंच नव्हतं. खात्यानं नाही, शाळेनं नाही, आम्ही नाही.

दुसऱ्या दिवशी मास्तरांना रिक्षात घालून शाळेत नेलं. आताच्या हेडमास्तरीणबाईंनी मागच्या खोलीतलं लोखंडी कपाट उघडलं. कडा वाळवीनं खाल्लेल्या, पण आतली पानं शाबूत. रक्षितानं पानं उलटली. अठ्ठ्याण्णव, जून. बऱ्याच रांगांपुढं जांभळे अंगठे. मधेच एका रांगेत निळ्या शाईची तीन ओळींची गर्दी. शेऱ्याच्या रकान्यात मावलं नाही म्हणून खालच्या पोराच्या जागेत उतरलेली. देवनागरी.

रक्षिता शाळेत शिकलेल्या हिंदीच्या आधारानं एकेक अक्षर लावायला लागली. आ-म-च्या. मी तिच्या खांद्यावरून सगळं एकदम वाचलं. मग तिच्यासाठी परत पहिल्यापासून मोठ्यानं वाचलं.

'आमच्या घरी मराठी बोलतात. मुलीला कानडी नीट येत नाही. तरी तिला कानडीतच शिकवा, मागं पडू देऊ नका. सकवार खंडोजी लाड.'

हे तिनं मला कधी सांगितलं नव्हतं. विसरली असेल. तिच्या गावच्या शाळेत पोराला घालताना पालक असं विनंतीचं लिहून द्यायचे, तसं तिनं दिलं असेल, आणि ती काही सांगण्यासारखी गोष्ट वाटली नसेल. जे तोंडानं बोलली तेच मरेपर्यंत मनाला लावून घेतलं. लिहिलेलं तिच्या स्वतःच्याच ध्यानात राहिलं नाही.

मास्तरांनी विचारलं, काय लिहिलंय? मी कानडीत सांगितलं. त्यांनी चष्मा काढला, पुसला आणि परत घातला.

"मला वाटलं पत्ता लिहिलाय," म्हणाले.

वसुमतीबाईंनी त्या पानाचा फोटो बराच वेळ बघितला. मग माझं जुनं प्रतिज्ञापत्र फाडून टोपलीत टाकलं. म्हणाल्या, तुम्ही सही केली असती आणि त्यांनी हे रजिस्टर आणलं असतं, तर आपण खोटे पडलो असतो. एवढंच बोलल्या. नवीन कागदात तिसरा परिच्छेद वेगळा होता. माझी दिवंगत पत्नी मराठी सातवी शिकलेली होती. मी सही केली. मराठीत केली.

त्या तारखेला कोर्टानं मूळ रजिस्टर मागवून घेतलं. पुढच्या तारखेला ते टेबलावर आलं. सरकारी वकील म्हणाले, हे नंतर कोणीही लिहिलेलं असू शकतं. न्यायाधीशांनी पान उजेडाकडं धरलं. खालच्या पोराचं नाव मास्तरांनी सकवारच्या तिसऱ्या ओळीला वळसा घालून, चिंचोळ्या जागेत लिहिलं होतं. ओळ आधीची, नाव नंतरचं. त्यांनी ते सरकारी वकिलांना दाखवलं. मग सरकारी वकील म्हणाले, भाषांतर अर्जदाराच्या बापानं केलंय, ते कसं धरायचं? न्यायाधीशांनी विचारलं, इथं मराठी जाणणारं कोणी आहे का? मी उठायला लागलो तर वसुमतीबाईंनी दंड धरून बसवलं. मागच्या बाकावरून एक तरुण वकील उठला. विराज नाव. बेळगावकडचा. त्याचा आमच्याशी काही संबंध नव्हता, स्वतःच्या खटल्याची वाट बघत बसला होता.

त्यानं पुढं येऊन रजिस्टर हातात घेतलं आणि उभ्यानं वाचलं. आधी मनात, मग मोठ्यानं. आमच्या घरी मराठी बोलतात. त्याचा सूर तिकडचाच होता. सकवार बोलायची तसाच शब्दाच्या शेवटी जरा ओढून. मागं पडू देऊ नका, हे वाचून त्यानं मान वर केली आणि मग इंग्रजीत सांगितलं. मी खाली जमिनीकडं बघत होतो. रक्षितानं माझ्या सदऱ्याची बाही धरून ठेवली होती.

निकाल पाच आठवड्यांनी लागला. आठ आठवड्यांत नेमणूक द्या, यादीतला मूळ क्रम धरा. आठ आठवडे गेले, काही झालं नाही. वसुमतीबाईंनी अवमानाची नोटीस पाठवली. तिच्यातली मुदत संपायच्या आदल्या दिवशी टपाल आलं. नेमणूक गौरीबिदनूरला, इथून गाडीनं जायचं. रक्षिता चौतिसाव्या वर्षी कामाला लागली. नवव्या नंबरावरची ती मुलगी एव्हाना दुसऱ्या ऑफिसात बदलून गेली होती. तिनं फोन करून विचारलं की यादीत तू माझ्या वर, आता मी तुला मॅडम म्हणू का.

पहिल्या दिवशी रक्षिता सकाळच्या गाडीनं गेली. जाताना आईच्या फोटोला हात जोडले नाहीत, नुसतं बघितलं. मी वाफ्यात गेलो. आता वाफा एकट्यानं करायचा होता, म्हणून अर्ध्या जमिनीत काही पेरलंच नव्हतं. साडेअकराला तिचा फोन आला.

"अप्पा, हजर झाले."

"बरं झालं. काय काम दिलं?"

"काही नाही. उभी आहे."

"उभी का?"

"खुर्चीच नाही. इथले म्हणतात, जागा मंजूर आहे, खुर्ची मंजूर नाही. लिहून पाठवलंय." ती हसत होती, पण तो आवाज मला माहीत होता. जिन्यात बसून आलेल्या सकवारचा तसाच होता. "दुपारी जेवायच्या खोलीत बसेन."

दुसऱ्या दिवशी विचारलं. तेच. तिसऱ्या दिवशी विचारलं नाही. दव सुकताच शेपू काढला, गोणपाटाखाली झाकला. घरात चार खुर्च्या आहेत, प्लास्टिकच्या, तांबड्या. त्यांतली बऱ्या पायाची एक निवडली, ओल्या फडक्यानं पुसली आणि येलहंका स्टेशनात गेलो. गाडीत गर्दी नव्हती, पण खुर्ची रस्त्यात येत होती, म्हणून ती दाराजवळ मांडून तिच्यावरच बसलो. तिकीट तपासायला आलेला माणूस माझ्याकडं बघून म्हणाला, अज्जा, स्वतःची सीट घेऊन आलात? मी म्हणालो, होय.

गौरीबिदनूरला उतरून खुर्ची डोक्यावर उलटी घेतली आणि चालत गेलो. ऊन होतं, खुर्चीची सावली बरी पडत होती. ऑफिसच्या दारात शिपायानं अडवलं. कानडीत विचारलं, हे काय, कोणासाठी?

"आमच्या मुलीसाठी. इथं कामाला आहे."

त्यानं बाहेरची खुर्ची आत घेता येत नाही म्हणून सांगितलं. मी म्हणालो, मग साहेबांना सांगा, कागदावर लिहून नाही म्हणा. तो आत गेला आणि पुष्कळ वेळ आला नाही. मग रक्षिताच बाहेर आली. मला, माझ्या मळक्या सदऱ्याला आणि तांबड्या खुर्चीला तिनं बघितलं. खिडकीतून दोन-तीन माणसं डोकावत होती. मला वाटलं पोर आता लाजेल, चिडेल. तिनं खुर्ची माझ्या हातातून घेतली आणि आत नेली. मी दारातून बघत होतो. दोन टेबलांच्या मधे, खिडकीजवळ, तिनं ती ठेवली, ओढणी सारखी केली आणि बसली. बसल्यावर पाय जमिनीला नीट टेकले की नाही, तेवढं बघितलं.

समोरच्या टेबलावरच्या माणसानं एक फाईल उचलली आणि तिच्या पुढ्यात ठेवली.

परतीची गाडी दीडला होती. शेपू झाकून ठेवलेला होता, चारपर्यंत जुड्या बांधायला हव्या होत्या. मी चालायला लागलो.